चाकाखालचा दगड

सॅन फ्रान्सिस्कोला पहिल्यांदा आलेला पाहुणा गोल्डन गेट ब्रिज पाहतो, लोंबार्ड स्ट्रीटची वळणं पाहतो, केबल कारला लटकून फोटो काढून घेतो. एक गोष्ट मात्र सहसा त्याच्या नजरेतून निसटते. इथल्या चढावरच्या रस्त्यांवर उभ्या असलेल्या गाड्यांची पुढची चाकं वाकडी असतात. कवायतीत 'दाहिने देख' म्हटल्यावर माना वळाव्यात तशी ओळीने वळलेली. रस्त्याच्या एका बाजूला ती फूटपाथकडे वळलेली असतात, तर दुसऱ्या बाजूला रस्त्याकडे. कुणी घाईघाईत गाडी लावून पळालं म्हणून ती तशी राहिलेली नसतात. त्यामागे कायदा आहे आणि कायद्यामागे चोख इंजिनिअरिंग आहे. त्याबद्दल चार शब्द लिहावेत असं बरेच दिवस आमच्या मनात होतं.

याचं कारण असं की आपली बहुतेक मंडळी राहतात सपाटीवर. सनीव्हेल, सँटा क्लारा, फ्रीमाँटचा खालचा भाग. सगळं कसं पोळपाटासारखं. गाडी 'पार्क'मध्ये टाकायची, बटण दाबून बंद करायची की झालं. हँडब्रेक नावाची वस्तू गाडीत आहे याचा वर्षानुवर्षं पत्ता नसतो. मग उन्हाळ्यात भारतातून आई-बाबा येतात, एखादी मावशी-काका येतात, आणि शनिवारी सकाळी डबे भरून, भरल्या मिनिव्हॅनने आपण 'सिटी' दाखवायला निघतो. पार्किंग मिळतं ते नेमकं चढावर. मिळालं याचाच आनंद इतका की गाडी कशी लावली याकडे कोण बघतो!

तीन टक्क्यांचा कायदा

या शहराचे रस्ते असे का, हा प्रश्न प्रत्येक पाहुण्याला पडतो. आपल्याकडे डोंगर आला की रस्ता नागमोडी होतो, त्यालाच आपण घाट म्हणतो. इथे १८४७ साली जॅस्पर ओ'फॅरेल या सर्व्हेअरने शहराची आखणी केली ती कागदावर पट्टी ठेवून मारल्यासारख्या सरळ रेघांची. मध्ये टेकडी आली तरी रेघ वळली नाही, सरळ टेकडीवर चढली. घोड्यांचे हाल व्हायचे, म्हणून १८७३ साली हॅलिडीने क्ले स्ट्रीटवर पहिली केबल कार चालवली. हाइड आणि लेव्हनवर्थ यांच्यामधला फिल्बर्ट स्ट्रीटचा तुकडा तर ३१.५ टक्के चढाचा आहे. म्हणजे शंभर फूट पुढे गेलात की साडेएकतीस फूट वर. शहरातल्या काही अशा रस्त्यांवर फूटपाथच्या सरळ पायऱ्याच केल्या आहेत, पर्वतीसारख्या.

तर या शहराचा नियम असा, की तीन टक्क्यांहून जास्त चढ-उतार असेल तर गाडी लावताना चाकं वळवून कर्बला टेकवायची. कर्ब म्हणजे फूटपाथची उभी कड. नाही टेकवलीत तर दंडाची पावती. चढ मोठा असो की छोटा, समोर कुणी असो वा नसो.

तीन टक्के म्हणजे किती? बोरघाटातली रेल्वे आठवा. १८६३ साली सुरू झालेल्या त्या मार्गाचा सर्वांत कडक चढ सदतीस फुटांना एक फूट, म्हणजे २.७ टक्के. तेवढ्यासाठी कर्जतला गाडी थांबते, मागून बँकर इंजिनं जोडली जातात आणि आपण वडा-पाव खाऊन घेतो. उतरताना गाडी ताब्यात राहिली नाही तर तिला बाजूला काढून चढावर घालायला खास कॅच साइडिंग ठेवलेली आहेत. तीन टक्के डोळ्याला चढ वाटतही नाही, पण लोखंडाला तो बरोबर कळतो.

थोडा हिशेब

आम्ही पेशाने मेकॅनिकल इंजिनिअर, त्यामुळे आकडेमोड केल्याशिवाय आमचा लेख पुढे सरकणार नाही. घाबरू नका, नववीच्या पुढचं काही नाही.

दीड हजार किलोची साधी सेडान घ्या. तीन टक्क्यांच्या उतारावर तिला खाली ओढणारा जोर साधारण ४५ किलो. दहा टक्क्यांवर १५०. फिल्बर्टच्या त्या तुकड्यावर साडेचारशे, म्हणजे सहा-सात भरभक्कम माणसांच्या वजनाएवढा. हा जोर दिवसरात्र, एक क्षणही न थकता, गाडीला खाली ओढत असतो. तुम्ही डिम सम खाऊन परत येईपर्यंत तो कंटाळत नाही.

आणि गाडी सुटली तर? दहा टक्क्यांच्या उतारावर शंभर फूट मोकळी धावली की तिचा वेग ताशी पंधरा-सोळा मैलांपर्यंत जातो. ऐकायला कमी वाटतं, पण दहा फुटांवरून खाली सोडलेल्या वस्तूचा वेग जवळपास एवढाच असतो. दीड हजार किलोचं लोखंड, आत कुणी नाही, हॉर्न नाही, इंजिनाचा आवाज नाही. खालच्या चौकात रस्ता ओलांडणाऱ्याला चाहूलसुद्धा लागत नाही.

मामांचं निदान

आमचे एक मामा एस.टी.च्या वर्कशॉपमध्ये मेकॅनिक होते. रिटायर झाल्यावर आमच्याकडे दोन महिने राहून गेले. त्यांना आम्ही शहर दाखवायला नेलं. गोल्डन गेटसमोर त्यांनी "छान आहे" एवढंच म्हटलं. टेकडीवरच्या रस्त्यावर मात्र ते मध्येच थांबले.

"अरे, या सगळ्यांची चाकं वाकडी का?"

आम्ही नियम सांगितला. मामा खाली वाकून एका गाडीचं चाक आणि कर्ब यांच्यात बोट घालून बघायला लागले. बोट जाईना. मग गुडघ्यावर हात टेकून उठत म्हणाले, "म्हणजे आपल्या क्लीनरचा दगडच की रे! इथे तो सरकारनेच रस्त्याच्या कडेला बांधून ठेवलाय."

इतकं नेमकं स्पष्टीकरण आम्हाला एम.एस. करूनही सुचलं नव्हतं. घाटात ट्रक बंद पडला की ड्रायव्हर ब्रेक दाबून बसतो आणि क्लीनर उडी मारून मागच्या चाकाखाली दगड लावतो. ब्रेक चांगला असला तरी लावतो. ब्रेकवर त्याचा अविश्वास असतो असं नाही. एकाच गोष्टीवर सगळा भार टाकायचा नाही, हे त्याला पोटापाण्याच्या धंद्याने शिकवलेलं असतं.

चढावर गाडी लावण्याचं सगळं शास्त्र या एका वाक्यात आलं. गाडीला धरून ठेवणाऱ्या तीन गोष्टी आहेत: गिअर, हँडब्रेक आणि कर्ब. तिन्ही वेगवेगळ्या ठिकाणी धरतात, म्हणून तिन्ही वापरायच्या. एक दगा देईल, पण तिन्ही एकदम देणार नाहीत.

तीन राखणदार

पहिला राखणदार 'पी'. ऑटोमॅटिक गाडीत 'पी' टाकलं म्हणजे चाकं पकडली जातात असा समज असतो. प्रत्यक्षात गिअरबॉक्सच्या आत साधारण अंगठ्याएवढा एक पोलादी दात असतो, तो एका दातेरी चाकाच्या खाचेत जाऊन बसतो. इंजिनिअर त्याला 'पॉल' म्हणतात. चढावर नुसतं 'पी' टाकून उतरलात की गाडीचा सगळा भार त्या एवढ्याशा दातावर. निघताना 'पी'मधून काढलं की 'खट्ट' असा आवाज येतो आणि गाडी हिसका देते ना? तो दात दाबाखालून ओढून काढल्याचा आवाज असतो. शिवाय तो पूर्ण खाचेत बसलाच नाही तर गाडी काही वेळ टेकून राहते आणि मग सुटते.

दुसरा राखणदार हँडब्रेक, आता बऱ्याच गाड्यांत नुसतं बटण. तो बहुतेक गाड्यांत मागच्या चाकांना धरतो, तर पुढच्या चाकांवर चालणाऱ्या गाडीत 'पी' पुढच्या चाकांना धरतो. दोन्ही लावले की गाडी दोन्हीकडून धरली जाते. पण त्याचीही एक खोड आहे. डोंगर उतरून आलात की ब्रेकच्या डिस्क तापलेल्या असतात. तापलेलं लोखंड प्रसरण पावतं हे आपण शाळेत घोकलंय. गाडी लावल्यावर डिस्क थंड होते, आक्रसते आणि पकड थोडी ढिली पडते. म्हणून काही गाड्या लावताना ठीक असतात आणि दहा मिनिटांनी हलतात. दांड्याचा ब्रेक असेल तर तो नीट, घट्ट ओढावा.

तिसरा राखणदार कर्ब. याला ना तेल लागतं ना बॅटरी. सहा इंचांची कड चढायची तर चाकाला, त्याच्यावर जेवढा भार आहे त्याच्या ढोबळमानाने दीडपट रेटा लागतो. एका पुढच्या चाकावर चारशे किलो धरले तर सहाशे किलोंचा. फिल्बर्टचा साडेचारशेचा रेटाही तिथे अडतो. पण एक अट आहे: चाक कर्बला टेकलेलं हवं. मध्ये दोन फूट अंतर राहिलं तर गाडी तेवढ्यात वेग घेते आणि कर्बवर उडी मारून जाऊ शकते. चाक नुसतं वळवून ठेवणं म्हणजे दगड चाकापासून हातभर लांब ठेवण्यासारखं. मामांचं बोट आठवा.

चाक वळवायचं कुठे?

हा प्रश्न डीएमव्हीच्या लेखी परीक्षेत येतो. उत्तर पाठ करून लोक पास होतात आणि लायसन्स हातात पडलं की विसरतात, कारण डावं-उजवं पाठ केलेलं असतं. ते पाठ करूच नका. गाडी लावताना स्वतःला एकच प्रश्न विचारा: ही गाडी आत्ता सुटली तर कुठे जाईल? ती रस्त्यात न जाता कडेला जाऊन अडली पाहिजे. बाकी सगळं त्यातून आपोआप निघतं.

तोंड उताराकडे असेल तर गाडी पुढे सुटणार. चाकं कर्बकडे वळवा आणि पुढच्या चाकाचा पुढचा भाग हलकेच कर्बला टेकू द्या.

तोंड चढाकडे असेल आणि कर्ब असेल तर गाडी मागे सुटणार. चाकं कर्बच्या उलट दिशेला, रस्त्याकडे वळवा आणि गाडी वीतभर सावकाश मागे येऊ द्या. कर्बजवळच्या पुढच्या चाकाचा मागचा भाग कर्बला टेकतो आणि थांबतो.

कर्बच नसेल, तर चढ असो की उतार, चाकं रस्त्याच्या कडेकडे वळवा. सुटलीच तर गाडी रस्त्याबाहेर जाईल, गर्दीत जाणार नाही.

असा विचार केला की वन-वे रस्त्यावर डाव्या हाताला गाडी लावली तरी गोंधळ होत नाही. इंग्लंडमधल्या नातेवाइकांना किंवा पुण्यातल्या भावाला सांगायचं तरी हेच. तिथे कर्ब डावीकडे, एवढाच फरक. मॅन्युअल गिअरची गाडी असेल तर तोंड चढाकडे असताना पहिला गिअर आणि उताराकडे असताना रिव्हर्स टाकून ठेवायचा.

क्रम महत्त्वाचा

आता सगळ्यात मोलाची गोष्ट. तीन राखणदार लावायचे, पण कुठल्या क्रमाने? बहुतेक लोक 'पी' टाकतात, पाय काढतात, गाडी चार बोटं सरकून 'पी'वर टेकते आणि मग आठवलं तर हँडब्रेक. म्हणजे भार त्या बिचाऱ्या दातावर पडला तो पडलाच, हँडब्रेक नुसता शोभेला.

त्याऐवजी असं करावं. पाय ब्रेकवर. चाकं वळवून कर्बला टेकवायची. पाय ब्रेकवरच ठेवून 'न्यूट्रल' टाकायचं. हँडब्रेक लावायचा. आता पाय सावकाश सैल करायचा. गाडीचा भार हँडब्रेकवर आणि कर्बवर बसतो. ती जागची हलत नाही हे पाहायचं. मग पुन्हा ब्रेक दाबून 'पी' टाकायचं आणि इंजिन बंद करायचं. वाचायला लांबलचक वाटतं, करायला दहा सेकंद लागतात. निघताना 'खट्ट' आवाज आला नाही की समजायचं, बरोबर जमलं.

निघताना तोंड उताराकडे असेल तर चाक कर्बला चिकटलेलं असतं, त्यामुळे आधी थोडं मागे जाऊन चाक सोडवावं लागतं. म्हणून लावतानाच मागच्या गाडीशी थोडी जागा राखावी. तोंड चढाकडे असेल तर चाकं आधीच रस्त्याकडे वळलेली असतात. ॲक्सिलरेटर दिला की गाडी थेट रस्त्यात येते, तेव्हा सायकलवाला येतोय का ते खांद्यावरून वळून बघावं.

आणखी एक घरगुती सूचना. चढावर गाडीचा दरवाजा आपल्या मनाने वागतो. तोंड चढाकडे असेल तर तो धाडकन मिटतो, आई-बाबांची बोटं किंवा पाय मध्ये असला तरी. तोंड उताराकडे असेल तर तो हातातून सुटून सताड उघडतो, मागून गाडी येत असली तरी. म्हातारं माणूस उतरताना दरवाजा बाहेरून कुणीतरी धरावा. साडीचा पदर आधी सोडवून घ्यावा.

घरासमोरचा उतार

"आम्ही कुठे सिटीत जातो?" असं म्हणणाऱ्यांसाठी हा भाग. दोन वर्षांपूर्वी ईस्ट बेच्या टेकड्यांवर एका स्नेह्यांकडे सत्यनारायण होता. आठ-नऊ गाड्या उतारावर ओळीने लागलेल्या. आरती सुरू असताना बाहेर मोठा आवाज झाला. पाहुण्यांपैकी एकांची मिनिव्हॅन, नुसत्या 'पी'वर सोडलेली, कुणी हात न लावता सुटली होती आणि रस्ता ओलांडून समोरच्यांची मेलबॉक्स आणि कुंपण मोडून झाडाला टेकली होती. आरतीसाठी आत बोलावेपर्यंत आपली पाच-सहा पोरं त्याच रस्त्यावर चेंडू खेळत होती. त्या दिवशी प्रसाद घेताना कुणीच फारसं बोललं नाही.

हा प्रकार दुर्मीळ नाही. 'स्टार ट्रेक'च्या नव्या चित्रपटांत चेकॉव्हचं काम करणारा ॲन्टन येल्चिन १९ जून २०१६ रोजी लॉस एंजेलिसमध्ये स्वतःच्याच घरासमोरच्या उतारावर गेला. त्याचीच गाडी मागे घरंगळत आली आणि त्यात तो चिरडला. वय २७. त्याच्या गाडीचा गिअरचा दांडा दर वेळी स्प्रिंगने मध्यावर परत येई, त्यामुळे 'पी' पडलं की नाही हे हाताला कळत नसे. अशा गाड्या 'पी'मध्ये आहेत असं समजून उतरण्याचे प्रकार घडले होते आणि दोनच महिने आधी, एप्रिल २०१६ मध्ये, जगभरातल्या अकरा लाखांच्या आसपास गाड्या दुरुस्तीसाठी परत बोलावल्या गेल्या होत्या.

आता गिअरच्या दांड्याची जागा कुठे गोल बटणाने घेतली आहे, कुठे स्क्रीनने. म्हणून सवय एकच लावून घ्यावी: उतरण्याआधी समोरच्या पॅनलवर 'पी' हे अक्षर आणि ब्रेकचा लाल दिवा डोळ्यांनी बघायचा. अमेरिकेत १ सप्टेंबर २०१० पासून बनलेल्या ऑटोमॅटिक गाड्यांत ब्रेक दाबल्याशिवाय 'पी'मधून गिअर निघत नाही, तशी सक्तीच आहे. ही सोय मुख्यतः लहान मुलांसाठी. पण हँडब्रेकच्या दांड्याला असं कुलूप नसतं. तेव्हा चढावर लावलेल्या गाडीत मुलांना "पाच मिनिटांत येतो" म्हणून सोडून जाऊ नये. आणि गाडी सुटलीच तर तिला हाताने थोपवायला किंवा मागून धरायला जाऊ नये. दीडशे किलोंचा रेटा माणसाला धरता येत नाही. ओरडून लोकांना बाजूला करावं. गाडीचा इन्शुरन्स असतो.

बर्फातल्या मंडळींसाठी

आमचे पूर्वेकडचे वाचक म्हणतील, तुमच्याकडे निदान बर्फ नाही. खरंय. पिट्सबर्गच्या टेकड्यांवर, बालाजीच्या दर्शनाला पेन हिल्सला जाणाऱ्यांना हे आम्ही सांगायला नको. बर्फावर ब्रेक आणि गिअर दोन्ही चाकं घट्ट धरतात आणि गाडी धरलेल्या चाकांसकट घसरते. तिथे पहिले दोन राखणदार जागे असूनही उपयोगाचे नाहीत. उरतो तो कर्ब. तोही बर्फाखाली गाडला गेला असेल तर सरळ खालच्या सपाट जागेत गाडी लावून चालत वर यावं. देव तेवढ्यासाठी रागावत नाही.

शेवटी मामांच्या दगडाबद्दल एक सांगायचं राहिलं. घाटात क्लीनर दगड लावतो तो आपल्या ट्रकसाठी असं वाटतं. पण ट्रक सुटला तर सापडतो तो मागच्या रांगेतला स्कूटरवाला, एस.टी.च्या खिडकीत डोकं टेकून झोपलेली बाई. त्यांना दगड लावला हे कधी कळतही नाही. चढावर चाक कर्बला टेकवणंही तसंच आहे. आपण गाडी लावून निघून गेलेलो असतो. खालच्या चौकात कुणाची तरी आजी नातवाचा हात धरून सिग्नलची वाट बघत असते. पुढच्या शनिवारी पाहुण्यांना घेऊन जाल तेव्हा उतरल्यावर अर्धा मिनिट थांबा, वाका आणि चाक आणि कर्ब यांच्यामध्ये बोट घालून बघा. जात नसेल तर खुशाल फिरायला जा.